लेझरने नंबर काढल्यावर गॉगल कुठला घ्यायचा: पाच वापरून झाले, ते सांगते

फेब्रुवारीत डोळ्यांचा नंबर काढून टाकला. साडेचार आणि पावणेपाच होता, सातवीपासून चष्मा. आनंद वगैरे सांगत बसत नाही, सकाळी उठल्या उठल्या उशीजवळ चष्मा चाचपडायची सवय मात्र अजून गेलेली नाहीये. हे लिहितेय ते गॉगलबद्दल. ऑपरेशनच्या आधी मी खर्च, सुट्ट्या, ड्रॉप किती दिवस, केस कधी धुवायचे इथपर्यंत सगळं विचारून ठेवलं होतं आणि गॉगल म्हणजे काय, घेऊ कुठलातरी एफसी रोडवरून, असं धरून चालले होते. पुढच्या चार महिन्यांत पाच झाले. बाबांचा धरला तर सहा.

एक आधीच सांगते, माझं लॅसिक नाही, पीआरके झालं, कॉर्निया (बुबुळावरचा पारदर्शक पडदा) पातळ निघाला म्हणून. लॅसिकमध्ये कॉर्नियाचा पापुद्रा झाकणासारखा उघडतात, खाली लेझर मारतात आणि झाकण परत बसवतात. पीआरकेत झाकणबिकण काही नाही, अगदी वरचा नाजूक थर काढतात, लेझर मारतात, वर बँडेज लेन्स ठेवतात आणि तो थर आपला आपण भरून येतो. माझी लेन्स पाचव्या दिवशी काढली. ते पाच दिवस म्हणजे डोळ्यांत कुणीतरी कांदा चिरून भरलाय आणि वर पडदे ओढून खोलीत बसवलंय. पण मुद्दा तो नाही. मुद्दा असा की पीआरकेनंतर कॉर्निया भरत असताना उन्हातले अतिनील किरण (यूव्ही) जास्त लागले तर त्यावर धूसरपणा यायचा धोका वाढतो, हेझ म्हणतात त्याला. म्हणून डॉक्टरांनी बजावलं होतं की बाहेर पाऊल टाकलं की गॉगल, आभाळ आलेलं असलं तरी, आणि हे आठवड्यांचं नाही, महिन्यांचं काम आहे. तुमचं लॅसिक किंवा स्माइल (हाही लेझरने नंबर काढायचाच एक प्रकार) झालं असेल तर किती दिवस ते तुमच्या डॉक्टरांनाच विचारा.

पहिला गॉगल हॉस्पिटलने दिलेला, फुकट. आजोबांना मोतीबिंदूच्या वेळी मिळाला होता अगदी तसाच, काळा, मोठा, बाजूनेही झाकलेला. घरी आले त्या दिवशी सोसायटीच्या वॉचमनकाकांनी मला हात धरून लिफ्टपर्यंत सोडलं. बघायला चांगला नाही, काचेतून सगळं किंचित धुरकट दिसतं, पण बाजूने वारा येत नाही, धूळ येत नाही, वरून ऊन शिरत नाही. तेव्हा मला याची काही किंमत वाटली नाही, आठ दिवसांत फेकायच्या गोष्टीत टाकला.

दुसरा ऑनलाइन घेतला, ३९९ रुपये. वर्णनात यूव्ही ४००, पोलराइज्ड, एचडी व्हिजन, नाइट ड्रायव्हिंग, सगळंच. आता गॉगल रात्री घालून गाडी कशी चालवायची हा प्रश्न तेव्हाच पडायला हवा होता. बरोबर एक छोटं कार्ड आलं, त्यावर नुसतं बघितलं तर पांढरट चित्र आणि गॉगलमधून बघितलं की आत मासा दिसतो. मी घरात सगळ्यांना मासा दाखवत फिरले, ओरिजिनल आहे म्हणून. तर मासा दिसणं म्हणजे काच पोलराइज्ड आहे, चकाकी मारणारी, बस. यूव्हीशी माशाचा काही संबंध नाही. हे मला नंतर कळलं.

त्या गॉगलचा खरा त्रास वेगळाच होता. अर्ध्या तासात डोकं चढायचं. मला वाटलं डोळे नवीन आहेत, होत असेल. मग एकदा तो हातभर लांब धरून काचेतून खिडकीच्या गजांकडे बघितलं आणि गॉगल हळूहळू डावीउजवीकडे हलवला, तर गज पाण्यात हलावेत तसे लाटेलाटेने वाकत होते. काच सगळीकडे सारखी नव्हती. इतके पैसे घालून नजर सरळ करून आणायची आणि त्यावर हे लावायचं!

शेवटी लक्ष्मी रोडवरच्या आमच्या चष्मेवाल्या काकांकडे गेले. जायला लाज वाटत होती खरं तर, कारण सातवीपासूनचे माझे सगळे चष्मे त्यांनीच केलेले. त्यांनी माझ्या मोकळ्या नाकाकडे बघितलं आणि म्हणाले, "म्हणजे आमचं एक गिऱ्हाईक कमी केलंस." मी म्हटलं, "काका, गॉगल दाखवायचाय." दोन दाखवायचे होते, एक तो ३९९ वाला आणि दुसरा बाबांचा. बाबांचा गॉगल म्हणजे जडशीळ, खऱ्या काचेचा, लग्नाच्याही आधीचा, हिरवट काळा, आणि बाबांचं म्हणणं होतं की असा माल आता मिळत नाही, तू हाच घाल.

काकांकडे ड्रॉवरमध्ये यूव्ही तपासायचं छोटं यंत्र होतं, फटीत काच सरकवायची आणि आकडा बघायचा. ३९९ वाला पास! किरण जवळजवळ शून्य. बाबांच्या गॉगलमधून मात्र चांगलेच आरपार. मी म्हटलं अहो, हा तर केवढा काळा आहे. तेव्हा त्यांनी जे सांगितलं त्यासाठी खरं तर हा एवढा लेख लिहितेय. रंग वेगळा आणि यूव्ही वेगळं. रंग फक्त दिसणारा उजेड कमी करतो. यूव्ही अडवतं ते काचेचं मटेरियल किंवा त्यावरचा थर, तो रंगाशिवायही असतो. उलट गडद काच असेल आणि यूव्ही अडत नसेल तर अंधार समजून डोळ्याची बाहुली मोठी होते आणि आत जास्त किरण जाऊ शकतात, म्हणजे न घातलेला बरा. साधी काच यूव्ही बी बऱ्यापैकी अडवते, पण यूव्ही ए बराचसा सोडते. यूव्ही ४०० म्हणजे ४०० नॅनोमीटरपर्यंतचे किरण अडवायचे, त्यात दोन्ही आले. बाबांना घरी येऊन सांगितलं तर ते यंत्रावरच संशय घेऊन बसले.

काकांसारखं यंत्र जवळ नसेल तर नोटा तपासायचा जांभळा टॉर्च मिळतो. पाचशेच्या नोटेवर मारला की नंबर आणि बारीक तंतू चमकतात. टॉर्च आणि नोट यांच्या मध्ये काच धरायची, आपल्या डोळ्यासमोर नाही. चमक गेली तर काच काहीतरी अडवतेय. पण स्वस्तातले टॉर्च बहुतेक ३९५ नॅनोमीटरचे असतात, अगदी काठावरचे, त्यामुळे यावरून छातीठोक सांगता येत नाही. आणि तो डोळ्यात मारून बघू नका, ऑपरेशन झालेलं असो नसो.

एवढं ज्ञान मिळाल्यावर शहाण्या माणसाने काय केलं असतं? मी मॉलमध्ये जाऊन साडेसहा हजारांचा गॉगल घेतला. ऑपरेशनची पार्टी म्हणून, स्वतःला. दिसायला सुंदर, काच एक नंबर, खिडकीचे गज सरळ, यूव्ही ४००, कॅटेगरी ३. हा आकडा काडीच्या आतल्या बाजूला बारीक छापलेला असतो, तो वाचत जा. ० ते ४ असतो, ३ म्हणजे साधारण ८ ते १८ टक्के उजेड आत येतो, आपल्या उन्हाला तोच ठीक. ४ नंबर बर्फातल्या वगैरे झगझगाटासाठी, त्यातून ३ ते ८ टक्केच उजेड येतो, तो घालून गाडी चालवायची नसते. कुणी जास्त काळा म्हणून ४ गळ्यात मारला तर घेऊ नका.

तर साडेसहा हजारांचा गॉगल कॅफेत, लग्नात, फोटोत फारच छान. माझी अडचण स्कूटी. एप्रिल, दुपारी दीड, सिंहगड रोड. चपट्या फ्रेमच्या दोन्ही बाजूंनी बोट जाईल एवढी फट, त्यातून ऊन येतं ते काचेच्या आतल्या बाजूवर पडून डोळ्यात, आणि वारा आणि बांधकामाची माती तर सरळच. लेझरमध्ये कॉर्नियाच्या बारीक नसा कापल्या जातात त्यामुळे काही महिने डोळे कोरडे राहतात, त्यात वारा लागला की डोळ्यात वाळू. आणि चोळायचे तर नाहीतच! वर आपली पुणेरी पद्धत, स्कार्फ नाकावरून बांधायचा, त्यावर हेल्मेट. श्वास स्कार्फमधून वर येतो, काचेवर वाफ, आणि काडी स्कार्फच्या वर ठेवली तर गॉगल नाकावरून अर्धा इंच पुढे, म्हणजे फट अजून मोठी. काडी स्कार्फच्या आत, कानाला टेकून हवी आणि स्कार्फची वरची कड नाकाच्या शेंड्याच्या खाली. हे लिहायला सोपं आहे, मला तीन आठवडे लागले.

चौथा तो खरा. स्पोर्ट्सच्या दुकानातला सायकलवाल्यांचा गॉगल, कपाळाच्या वळणाबरोबर मागे वळलेला, पॉलिकार्बोनेट नावाच्या कडक प्लास्टिकची काच, अकराशे रुपये. पॉलिकार्बोनेट स्वतःच यूव्ही अडवतं, आणि खडा उडून बसला तरी सहसा तडकत नाही. घालून आरशात बघितलं तर मुंगीसारखी दिसते, बहीण अजून चिडवते. पण बाजूची फट बंद, वारा नव्वद टक्के बंद (हा आकडा माझा, यंत्राचा नाही), संध्याकाळी घरी आल्यावर ड्रॉप घालायची घाई होत नाही. दुकानात घालून बघताना खाली वाका, जोरात हसा. गाल काचेला लागत असेल तर घामाचा डाग पडणारच. पापण्या काचेला घासत असतील तरी नको. घाम आला की थोडा घसरतो, ही एक तक्रार आहेच.

पोलराइज्ड हवा का? ओल्या रस्त्याची, समोरच्या गाडीच्या काचेची तिरीप मरते, छान वाटतं. पण माझ्या स्कूटीचा डिजिटल मीटर त्यातून काळा दिसतो आणि भाजीवाल्याकडे क्यूआर स्कॅन करायला फोन आडवा धरला की स्क्रीन गायब, मला दोनदा वाटलं फोन बंद पडला. म्हणून चौथा मी साधा घेतला. उन्हात आपोआप काळ्या होणाऱ्या काचा मैत्रिणीच्या आहेत, कारमध्ये बसलं की त्या होत नाहीत, कारण पुढची काच यूव्ही आधीच अडवते आणि त्या यूव्हीवरच काळ्या होतात. ब्लू कट, म्हणजे स्क्रीनचा निळा उजेड कमी करणारी काच, हा अजून तिसराच प्रकार, त्याला गॉगल समजू नका.

पाचवा सगळ्यात स्वस्त. रात्री ऑफिसमधून येताना काळा घालता येत नाही आणि किडे, धूळ तर असतातच. बोहरी आळीतल्या हार्डवेअरच्या दुकानात ग्राइंडर चालवणारे घालतात तो पांढरा सेफ्टी गॉगल मिळाला, १२० रुपये. काकांच्या यंत्रात घातला आणि आम्ही दोघंही बघत राहिलो, पूर्ण पारदर्शक काच आणि साडेसहा हजारवाल्याइतकाच आकडा! पॉलिकार्बोनेटच तो. ओरखडे लवकर पडतात, समोरच्या दिव्यांना मग तारे फुटतात, दोन महिन्यांनी बदलावा लागला. पीआरकेनंतर पहिले काही आठवडे दिव्यांभोवती तसंही वलय दिसतं, त्यात ओरखड्यांची भर नको.

काच टॉपच्या टोकाने पुसू नका, आधी पाण्याखाली धरा. हे चष्मा लावणाऱ्यांना माहीत असतं, पण नंबर गेला की आपण विसरतो.

जूनमध्ये साडेसहा हजारवाल्याचं नोजपॅड वाकडं झालं तेव्हा परत लक्ष्मी रोडला गेले. काकांनी बारीक चिमट्याने दोन मिनिटांत सरळ केलं, पुसून दिलं. पैसे विचारले तर म्हणाले, "राहू दे. चाळिशी लागली की येशीलच, ती काय लेझरला घाबरते? तेव्हा घेतो."