शस्त्र परवान्याचे नूतनीकरण: एनडाल-अलिसची ऑनलाइन सेवा कितपत कामाची?

बंदूक किंवा पिस्तुलाच्या परवान्याच्या नूतनीकरणाचा अर्ज आता केंद्रीय गृह मंत्रालयाच्या एनडाल-अलिस पोर्टलवर भरता येतो. अर्ज भरणे सोपे झाले आहे, पण त्यापुढचे काम अजून शस्त्र शाखेच्या टेबलावर आणि पोलीस ठाण्याच्या अहवालावरच चालते. परवानाधारक अडचणीत येतो तोही याच टप्प्यात. पाचपैकी तीन तारे.

अर्जाआधी यूआयएन, म्हणजे परवान्याचा राष्ट्रीय नोंदणी क्रमांक, तपासा. 29 जून 2020 नंतर हा क्रमांक नसलेला परवाना अवैध ठरतो. तो असला तरी पोर्टलवरची नोंद शस्त्राशी जुळते का, हे शस्त्र समोर ठेवून पाहा. दुनळी बंदुकीची नळी उतरवली की तिच्या सपाट बाजूवर आणि अॅक्शनवर, म्हणजे नळी जिथे बसते त्या यंत्रणेवर, क्रमांक कोरलेला दिसतो. जुन्या परवाना पुस्तकातला हस्तलिखित 1 संगणकावर 7 झालेला असू शकतो. ही चूक तशीच पुढे गेली तर तपासणीच्या दिवशी हातातले शस्त्र परवान्यावरचे नाही असा अर्थ निघतो. म्हणून आधी दुरुस्तीचा अर्ज, मग नूतनीकरण. पत्ता बदलला असेल तर तेही आधी नोंदवावे, नाहीतर पडताळणी जुन्या ठाण्याकडे जाते आणि ‘सदर पत्त्यावर राहत नाही’ असा शेरा येतो.

अर्ज मुदत संपण्याच्या निदान दोन महिने आधी गेला पाहिजे. शस्त्र अधिनियमाच्या (खालची सगळी कलमे याच कायद्याची) 2019 च्या दुरुस्तीने परवान्याची मुदत तीनवरून पाच वर्षे झाली, आणि पाच वर्षांत तारीख विसरायला होतेच. अर्जाची पावती मिळाली म्हणजे परवाना मिळाला असे समजू नका. निर्णय येण्याआधी मुदत संपत असेल तर शस्त्र शाखेकडून लेखी उत्तर घ्या. तसे काही हातात नसेल तर कलम 21 प्रमाणे शस्त्र आणि काडतुसे जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे विनाविलंब जमा करा. विनापरवाना अग्निशस्त्र बाळगल्यास कलम 25(1ब) खाली किमान दोन, कमाल पाच वर्षे कैद आणि दंड आहे. शस्त्र कुठे जमा करावे याबाबत आमचे मत विक्रेत्याच्या बाजूने. ठाण्याच्या मुद्देमाल खोलीत नळीला तेल लावायला कोणाला वेळ नसतो आणि पावसाळ्यात गंज लवकर चढतो. पावतीवर शस्त्राचा क्रमांक, बोअर (नळीचे माप), अवस्था आणि काडतुसांची संख्या लिहून घ्या. निवडणुकीत जमा केलेल्या शस्त्राची पावतीही फाइलला जोडून ठेवा.

आता तिसरे शस्त्र. 2019 पासून सर्वसाधारण परवानाधारकाला दोनच अग्निशस्त्रे ठेवता येतात. वारशाने आलेली आजोबांची बंदूकही या मोजणीत धरली जाते.

नूतनीकरणालाही नव्या परवान्याचीच कलमे, म्हणजे 13 आणि 14, लागू होतात. त्यामुळे पोलीस अहवाल पुन्हा मागवला जातो. तो ठरलेल्या मुदतीत आला नाही तर त्याची आणखी वाट न पाहता निर्णय घेण्याची मुभा कायद्याने परवाना अधिकाऱ्याला दिली आहे. ही मुभा वापरली जावी असे वाटत असेल तर कलमाचा उल्लेख करून लेखी विनंती द्या. तोंडी विचारणेची फाइलमध्ये नोंद राहत नाही. प्रलंबित गुन्हा लपवू नये, कारण खोटी माहिती हेच परवाना रद्द करायचे कारण होते. नुसता गुन्हा दाखल असणे म्हणजे आपोआप नकार नव्हे, सार्वजनिक शांततेला धोका कसा, हे आदेशात दिसले पाहिजे, असे उच्च न्यायालयांनी अनेक निकालांत म्हटले आहे. पुरेशी मालमत्ता नाही एवढ्यावरूनही परवाना नाकारता येत नाही.

नकार आला तर कारणांसह लेखी आदेश मागा. सार्वजनिक हिताला बाध येत असेल तरच कारणे रोखता येतात. कलम 18 खाली अपिलाला तीस दिवस असतात. उशीर झाल्यास सबळ कारण दाखवावे लागते. जिल्हादंडाधिकाऱ्याच्या आदेशावर अपील विभागीय आयुक्तांकडे, पोलीस आयुक्तांच्या आदेशावर राज्य शासनाकडे. सोबत आदेशाची प्रत, जुना परवाना, अर्जाची पावती आणि शस्त्र जमा केल्याची पावती लावा. अपील चालू असेपर्यंत शस्त्र जमाच राहू द्या.