एमएलबी द शो २५: नकाशात लपवलेली बक्षिसं आणि न दिसणारा एक आकडा

कंट्रोलरची डावी स्टिक बिघडली नसती तर मेजर लीग बेसबॉलच्या या व्हिडिओ गेमबद्दल चार ओळी लिहून मोकळा झालो असतो. बॅटिंग कठीण पण न्याय्य, पिचिंग उत्तम, पिट्सबर्गचं मैदान हुबेहूब, पैसे वसूल. पण स्टिक बिघडली, आणि त्यानंतरचे बरेच महिने मी गेमच्या अशा कोपऱ्यात घालवले जिथे बहुतेक जण काम उरकून निघून जातात. म्हणून हा लांबलचक अनुभव.

आधी बिघाडाचं सांगतो. झोन पद्धतीने बॅटिंग करणाऱ्यांना माहीत आहे की सगळा खेळ डाव्या अंगठ्यावर असतो. पीसीआयचं, म्हणजे बॅटच्या नेमाचं, वर्तुळ चेंडू येईल तिथे न्यायचं आणि मग बॅट फिरवायची. माझं वर्तुळ अंगठा न लावताच डावीकडे खाली घसरायला लागलं. उजव्या हाताच्या बॅटरला बाहेर जाणारा स्लायडर आला की आधी त्या घसरणीशी झुंजायचं, मग चेंडूशी. वरच्या पातळीवर त्यासाठी वेळच नसतो. जिथून कंट्रोलर घेतला त्या दुकानाने वॉरंटी संपली म्हणून हात वर केले. 'ही वापराने झालेली झीज आहे' हे एकच वाक्य फोनवरची प्रत्येक व्यक्ती मला ऐकवत राहिली. दुरुस्तीचा जो भाव सांगितला त्यात थोडी भर घातली तर नवा आला असता. मी दोन्ही केलं नाही. शनिवार-रविवारी हातात येणाऱ्या वस्तूची एवढ्या लवकर झीज होते, हे मला पटलेलं नाही आणि पटणारही नाही.

गेम पूर्ण भावाने, ६९.९९ डॉलरला घेतलेला. आधीच्या वर्षीचा २४ मासिक वर्गणीत मिळाला होता, २५ मात्र त्या वर्गणीत नव्हता. एवढे पैसे घातल्यावर कपाटात ठेवणं शक्य नव्हतं. मग अंगठा न वापरता काय खेळता येईल ते शोधलं, आणि कॉन्क्वेस्टवर येऊन थांबलो.

कॉन्क्वेस्ट हा डायमंड डायनेस्टीतला, म्हणजे खेळाडूंची कार्डं जमवून संघ बांधायच्या विभागातला, एक प्रकार. तो २०१६ च्या आवृत्तीपासून आहे, त्यामुळे नियम सांगत बसत नाही. षटकोनी घरांचा नकाशा, प्रत्येक घरात लाखांच्या हिशेबात फॅन्स, शेजारच्या घरावर हल्ला, बालेकिल्ला असेल तर तीन इनिंगचा सामना. माझ्या कामाची गोष्ट ही की बालेकिल्ला सोडून बाकीच्या घरांवरचा हल्ला सिम्युलेट करता येतो. फॅन्स जास्त असले की घर आपलं. स्टिकला हात लावायची गरज नाही. बालेकिल्ल्यासाठी आणि दुसऱ्या संघाचे फॅन्स पळवण्यासाठी सामना खेळावा लागला की मी बॅटिंग डिरेक्शनलवर टाकायचो. त्यात वर्तुळ नेमकं बसवावं लागत नाही, फक्त वेळ साधायची. रूकी आणि व्हेटरन या सोप्या पातळ्यांना तेवढ्यावर भागतं.

आता मुद्द्याचं. या नकाशांमध्ये काही घरांखाली बक्षिसं लपवलेली असतात. कुठे कार्डांचा पॅक, कुठे स्टब्ज, म्हणजे गेममधलं चलन. नकाशावर कसलीही खूण नाही, लक्ष्यांच्या यादीत उल्लेख नाही. घर जिंकलं की पडद्यावर बक्षीस उगवतं, नाहीतर काहीच घडत नाही. सुरुवातीला माझं मत होतं की हा वेळ खाण्याचा धंदा आहे. नकाशाची उघड लक्ष्यं पूर्ण करून जे मिळतं ते घ्यावं आणि निघावं, कोपऱ्यातली रिकामी घरं कशाला घासत बसायची?

मत बदललं ते हिशेबामुळे. गेमच्या दुकानात १,००० स्टब्ज ९९ सेंटला आहेत, आणि साधा पॅक १,५०० स्टब्जला. म्हणजे एका घराखाली लपलेला पॅक दीड डॉलरचा माल झाला. मी या गेममध्ये स्टब्जसाठी खिशातून एक सेंटही घालत नाही, तो माझा नियम आहे. कार्डांच्या बाजारात खालच्या भावाने घेऊन वरच्या भावाने विकत राहिलं तरी प्रत्येक विक्रीवर दहा टक्के कापले जातात, आणि तासन् तास भावांकडे डोळे लावून बसणं हा माझ्या लेखी बेसबॉल नव्हे. लपलेल्या पॅकवर कर नाही. शिवाय २५ मध्ये सीझनची अट काढून टाकली आहे. २४ मध्ये जुन्या सीझनचं कार्ड पुढच्या सीझनमध्ये जवळजवळ बाद व्हायचं, मोजक्या जागांवरच बसवता यायचं. २५ मध्ये मार्चमधलं कार्ड वर्षभर चालतं. त्यामुळे एप्रिलमध्ये नकाशात सापडलेला पिचर ऑगस्टमध्येही माझ्या बुलपेनमध्ये, म्हणजे राखीव पिचर्समध्ये, होता. हा बदल फार मोठा आहे, आणि काटकसरीने खेळणाऱ्यांच्या बाजूने आहे.

पैशाचा हिशेब बाजूला ठेवला तरी या शोधात एक मजा आहे, आणि ती मला सांगलीच्या माझ्या भाच्यामुळे कळली. रविवारी आमची पिट्सबर्गची सकाळ म्हणजे त्यांची संध्याकाळ. फोन लावला की तो आधी टीव्हीकडे कॅमेरा फिरवायला सांगतो. बेसबॉल त्याला ठाऊक नाही, क्रिकेटवर वाढलेला पोरगा. पण तीसही क्लबांचे बालेकिल्ले असलेला तो अमेरिकेचा मोठा नकाशा त्याने पाहिला आणि पहिला प्रश्न विचारला, "मामा, यातल्या कुठल्या घरात काय आहे ते तुला म्हाईत नाही?" मी म्हटलं, नाही. "मग तो एकटा पडलाय तो घे की." तो म्हणत होता त्या घराला काही अर्थ नव्हता. बालेकिल्ला जवळ नाही, वाट पुढे कुठे जात नाही. तिथवर पोचायला दोन घरांमधले फॅन्स मागून आणावे लागले. हल्ला टाकला, घर माझ्या रंगाचं झालं, क्षणभर काही नाही, आणि मग पॅकचं चित्र वर आलं. तिकडे पोरगा ओरडला तो अख्ख्या वाड्याला ऐकू गेला असेल. त्यानंतर रविवारचं घर तोच निवडतो.

हा आनंद यादी बघून मिळत नाही. कुठल्या नकाशात कुठल्या घराखाली काय आहे याच्या याद्या नकाशा येतो त्याच दिवशी तयार होतात. त्या बघून खेळणाऱ्यांना मी नावं ठेवत नाही, कारण त्यांना तिकडे ढकलणारी गोष्ट गेममध्येच आहे.

ती म्हणजे मोजणी. या नकाशात लपलेली बक्षिसं एकूण किती आणि त्यातली मला किती सापडली, हे कुठेही लिहिलेलं नाही. एवढंच. एवढा एक आकडा हवा आहे. ग्राफिक्स, कॉमेंट्री, सर्व्हर यांबद्दल लोक पानंच्या पानं लिहितात. माझ्यासाठी या गेममधली सगळ्यात मोठी उणीव हा न दिसणारा आकडा आहे आणि मी त्यावर ठाम आहे.

का, ते नीट सांगतो. उघड लक्ष्यं पूर्ण झाली आहेत, नकाशाच्या एका कोपऱ्यात दहा-बारा घरं उरली आहेत. ती घ्यायची तर आणखी फॅन्स हवेत, म्हणजे फॅन्स पळवायचे सामने खेळायला हवेत. प्रत्येक सामना तीन इनिंगचा, पण कार्डं लावणं, लोडिंग, सगळं धरून दहा-पंधरा मिनिटं सहज जातात. नोकरी आणि घर सांभाळून खेळणाऱ्याची ती पूर्ण संध्याकाळ आहे. त्या दहा-बारा घरांखाली दोन पॅक असतील तर मी आनंदाने ती संध्याकाळ देईन. काहीच उरलं नसेल तर मला पुढच्या नकाशाकडे जाऊ द्या. 'सातपैकी पाच' एवढं दिसलं असतं तरी शोध शोधच राहिला असता, कारण कुठे आहे ते मला कुठे कळलंय? नुसता आकडा रहस्य फोडत नाही. उलट तो नसल्यामुळे माणूस कंटाळून यादी उघडतो आणि रहस्य पूर्ण फुटतं. लपाछपीतही किती भिडू लपणार हे डोळे मिटायच्या आधी माहीत असतं.

या गेमला मोजता येत नाही असंही नाही. कार्डांच्या कलेक्शनमध्ये इतक्यांपैकी इतकी हा हिशेब कायम समोर असतो. प्रोग्रॅममध्ये गुणांची पट्टी भरत जाते. जुन्या खेळाडूंच्या गोष्टी सांगणाऱ्या स्टोरीलाइन्समध्ये तर एकेक प्रसंग पूर्ण झाल्याची नोंद होते, आणि त्या नोंदीमुळेच मी २४ मधली जॉश गिब्सनची गोष्ट एका बैठकीत संपवली. तो आमच्या पिट्सबर्गचा. होमस्टेड ग्रेज आणि पिट्सबर्ग क्रॉफर्ड्सचा कॅचर, वर्णभेदामुळे मेजर लीगचा एकही सामना खेळू दिला नाही, १९४७ च्या जानेवारीत पस्तिशीतच गेला. त्याच वर्षी एप्रिलमध्ये जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू मेजर लीगच्या मैदानात उतरला. २०२४ च्या मे महिन्यात नीग्रो लीग्जची, म्हणजे त्या काळच्या कृष्णवर्णीय खेळाडूंच्या वेगळ्या लीग्जची, आकडेवारी अधिकृत नोंदींत घेतली गेली आणि गिब्सनची .३७२ ही बॅटिंगची सरासरी तोवर पहिल्या असलेल्या टाय कॉबच्या वर जाऊन बसली. कॅन्सस सिटीच्या नीग्रो लीग्ज म्युझियमचे अध्यक्ष बॉब केंड्रिक हे सगळं ज्या जिव्हाळ्याने सांगतात, ते ऐकण्यासाठी मी हा गेम पुन्हा घेईन. विषय सोडून गेलो, पण मुद्दा तोच. जिथे हा गेम मोजून दाखवतो तिथे माणूस शेवटपर्यंत जातो.

शेवटी मी वही काढली. माझ्या मुलीच्या गणिताच्या जुन्या चौकटीच्या वहीत उरलेली पानं होती. एका ओळीतली घरं पुढच्या ओळीत अर्ध्या चौकटीने सरकवून काढली की षटकोनांचा नकाशा बऱ्यापैकी उतरतो. बालेकिल्ल्याला चौकोन, रिकाम्या निघालेल्या घराला तिरपी रेघ, पॅक निघाला तर प, स्टब्ज निघाले तर स. काही नकाशे असे भरल्यावर हळूहळू अंदाज यायला लागतो. बालेकिल्ल्याला चिकटलेल्या घरांपेक्षा वाटेपासून दूर पडलेल्या घरांतून मला जास्त मिळालं. हा काही नियम म्हणून सांगत नाही, माझ्या वहीतल्या नकाशांपुरतं सांगतोय. पण ती पानं चाळताना मिळणारं समाधान गेममधल्या कुठल्याही ट्रॉफीला नाही.

२५ मध्ये नव्याने आलेल्या डायमंड क्वेस्टबद्दलही लिहायला हवं, कारण लपवाछपवी तिथेही आहे. फासा टाकायचा, पटावर पुढे सरकायचं, झाकलेली घरं उघडत जायची, शेवटी स्टेडियममधला सामना. पहिल्यांदा वाटलं, हे कॉन्क्वेस्टची जागा घेणार. आता तसं वाटत नाही. तिथे फाशाचा हात मोठा आहे, आणि हरलो की गोळा केलेलं हातचं जातं. पंधरा मिनिटं हाताशी असतील तर बरं आहे. कॉन्क्वेस्टमध्ये मात्र मिळालेलं मिळालं, ते कुणी परत घेत नाही, आणि नकाशा तिथेच थांबलेला असतो. दोन आठवड्यांनी आलात तरी तुमची घरं जिथल्या तिथे.

कंट्रोलरचं पुढे काय झालं ते सांगतो, कारण हा बिघाड अनेकांना भोगावा लागतो. नेहमीच्या स्टिकमध्ये आत पोटेन्शिओमीटर असतो, त्यातले भाग एकमेकांवर घासतात आणि झिजतात. हॉल इफेक्टच्या स्टिकमध्ये चुंबक आणि सेन्सर असतात, घासणं नाही, म्हणून त्या कारणाने होणारी घसरणही नाही. त्या प्रकारचा दुसऱ्या कंपनीचा कंट्रोलर मूळ कंट्रोलरपेक्षा कमी पैशात मिळाला. वर्तुळ आता सोडलं की मधोमध येऊन उभं राहतं. झोन बॅटिंगवर परत आलो. नवीन आलेलं अँबुश हिटिंग, म्हणजे चेंडू प्लेटच्या कुठल्या बाजूला येणार याचा आधीच अंदाज बांधणं, तेव्हा कुठे मला नीट वापरता आलं. ते चांगलंच आहे. पिट्सबर्गच्या पॉल स्कीन्सला समोर घेऊन वापरून बघा. २०२५ चा साय यंग, म्हणजे सर्वोत्तम पिचरचा पुरस्कार, मिळवलेल्या आमच्या या पोराचा वेगवान चेंडू अंदाज न बांधता मारणं माझ्या हाताबाहेरचं आहे. पिट्सबर्गच्या पीएनसी पार्कात उजवीकडच्या भिंतीवरून, ती रॉबर्टो क्लेमेंटेच्या नावाची, बरोबर २१ फुटांची, त्या खेळाडूच्या जर्सीच्या आकड्याइतकी, चेंडू नदीकडे गेला की मागचा पिवळा पूलही दिसतो. आम्ही खऱ्या मैदानात ज्या बाजूला बसतो तिथून दिसतो तसाच.

पण अंगठा बरा झाल्यावरही मी ऑनलाइन रँक्ड सामन्यांकडे वळलो नाही. कॉन्क्वेस्टच खेळतो, फरक इतकाच की आता हॉल ऑफ फेम या अवघड पातळीवर फॅन्स पळवता येतात आणि एका सामन्यात जास्त हाताला लागतात.

घ्यायचा की नाही विचाराल तर एकट्याने, सावकाश, खिशाला हात न लावता खेळणाऱ्यांनी जरूर घ्या, पण एक लक्षात ठेवून. डायमंड डायनेस्टीला इंटरनेट लागतंच, आणि जमवलेली कार्डं पुढच्या आवृत्तीत येत नाहीत. मार्चमध्ये सगळं पहिल्यापासून. त्यामुळे जेवढ्या उशिरा घ्याल तेवढे पैसे वाचतात आणि तेवढे महिने जातात. हिशेब आपापला करायचा. मी माझा केला आहे. नव्या आवृत्तीत नकाशाच्या कोपऱ्यात 'इतक्यांपैकी इतकी' असा आकडा दिसला तर पहिल्या दिवशी पूर्ण भावाने घेणार. नाही दिसला तर जुलैत भाव उतरेपर्यंत थांबणार. चौकटीची नवी वही मात्र आत्ताच आणून ठेवली आहे, भाच्याने एक पान स्वतःसाठी राखून ठेवायला सांगितलंय.