गवती चहा गार प्यायचा तर उकळावा की भिजवावा?

एप्रिल-मेमध्ये दुपारी चारला उकळता चहा नकोसा होतो आणि रोज रोज सरबतही नको वाटतं. अशा वेळी गवती चहा, पुदिना, तुळस किंवा लाल अंबाडीची बोंडं घालून केलेला गार, बिनदुधाचा चहा फ्रीजमध्ये तयार असला की बरं पडतं. तो करण्याचे मार्ग दोन. एक, पाला उकळत्या पाण्यात घालायचा, गाळायचा आणि मग गार करायचा. दुसरा, पाला थेट गार पाण्यात घालून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवायचा आणि सकाळी गाळायचा. आमच्या घरी दोन्ही झाले आहेत आणि दोन्ही आवडीने प्यायले गेले आहेत. आता बहुतेक वेळा भिजवलेलाच होतो. तरी उकळलेल्याची बाजू नीट मांडायला हवी, कारण काही घरांना तोच जास्त सोयीचा ठरेल.

यातलं काहीच आपल्याला नवं नाही. आयुर्वेदात वनस्पतीचा गुण पाण्यात उतरवण्याच्या या रीती वेगवेगळ्या मानल्या आहेत: आटवून केलेला काढा, गरम पाण्यात थोडा वेळ मुरवलेला फांट आणि गार पाण्यात रात्रभर भिजवलेला हिम. भरडलेले धने रात्री भिजत घालून सकाळी ते पाणी खडीसाखर घालून पिणं हा हिमच. उन्हाळा लागला की माठात वाळ्याची जुडी सोडतात, तिथेही आच लागत नाही, तरी पाण्याला वास येतोच. त्यामुळे ‘न उकळता चहा कसा होईल?’ ही शंका मनात असेल तर ती सोडायला हरकत नाही.

आधी गरम पद्धतीचं बोलू. तिचा मोठा गुण म्हणजे ती लगेच होते. पाहुणे दारात असताना रात्रभर भिजवायची पद्धत काय कामाची? उकळत्या पाण्यात पात टाकून आठ मिनिटं झाकलं की चहा उतरला. दुसरा गुण पाण्याचा. नळाच्या पाण्याची खात्री नसेल, घरात लहान मूल किंवा आजारी माणूस असेल, तर उकळलेलंच बरं. तिसरा गुण साखरेचा. गरम चहात साखर, गूळ, काहीही विरघळतं. गार चहात साखर तळाशी बसते आणि मधाचा गोळा चमच्याला चिकटून राहतो. भिजवलेला चहा गोड हवा असेल तर साखर आणि पाणी समप्रमाणात घेऊन एक उकळी काढून केलेला पातळ पाक बाटलीत भरून ठेवावा लागतो. दोन चमचे पाक ढवळला की काम होतं, पण ती एक जास्तीची तयारी आहेच.

चौथा गुण मसाल्याच्या वस्तूंचा. दालचिनी, सुंठ, ज्येष्ठमध यांना आच लागते. गार पाण्यात दालचिनीचा तुकडा रात्रभर पडून राहिला तरी फार काही देत नाही. तुमच्या मनातला गार चहा मसाल्याच्या अंगाचा असेल, तर पुढचं वाचून फार फरक पडणार नाही, गरमच करा. (ज्येष्ठमध मात्र रक्तदाबाचा त्रास असलेल्यांनी रोज घेऊ नये.)

मग माझी गाडी अडली कुठे? गार करण्यात.

हे वाचायला किरकोळ वाटेल. पण आम्ही सोलापूरला राहतो. इथे मे महिन्यात दुपारचं तापमान चाळिशीच्या वर असतं आणि स्वयंपाकघर त्याहून तापलेलं. लिटरभर चहा उकळून ओट्यावर ठेवला, तर तो गार होता होता दुपार सरते, आणि तोही खोलीइतकाच गार होतो. गरम पातेलं फ्रीजमध्ये घालावं तर शेजारचं दूध-दही तापतं. थाळ्यात पाणी घेऊन त्यात पातेलं ठेवावं तर नळाचं पाणीच कोमट. म्हणजे शेवटी बर्फाला शरण जायचं.

आणि बर्फाचा हिशेब अवघड आहे. एक ग्रॅम बर्फ वितळताना सुमारे 80 कॅलरी उष्णता शोषतो. म्हणजे 80 अंशांचं अर्धा लिटर पाणी प्यायच्या गारव्यावर आणायला 400 ग्रॅमच्या आसपास बर्फ वितळावा लागतो. जवळजवळ निम्मं पाणी बर्फाचं झालं. म्हणून चहा मुळातच दुप्पट कडक करायचा. कडक करायचा म्हणजे पाला जास्त घालायचा किंवा जास्त वेळ ठेवायचा, आणि जास्त वेळ ठेवला की काढ्याची चव उतरते. गरमागरम पिताना ती चव खपून जाते, आल्याबरोबर तर छानही लागते. गार झाल्यावर ती पुढे येते. तुळशीत लवंगेसारखा वास देणारं द्रव्य असतं, त्यामुळे उकळून गार केलेला तुळशीचा चहा सर्दीच्या औषधासारखा लागतो. पुदिना तर उकळला की हिरवा राहतच नाही. पानांतलं हरितद्रव्य उष्णतेने बदलतं आणि रंग शेवाळी तपकिरी होतो. वासही पालेभाजी शिजल्यासारखा येतो. संथपणे ओट्यावर गार केला तर हे सगळं अजून वाढतं, कारण तेवढा वेळ पाणी कोमट राहतं.

ओट्यावर ठेवला तर वास जातो, बर्फावर ओतला तर पाणचट होतो, पाणचट होऊ नये म्हणून कडक केला तर काढा होतो. तिन्ही त्रासांचं मूळ एकच: जे गारच प्यायचं आहे ते आधी तापवून ठेवलं. माझ्यापुरता निर्णय इथेच लागला.

गवती चहाच्या बाबतीत आणखी एक गोष्ट पटली. त्याचा लिंबासारखा वास सिट्रल नावाच्या द्रव्यामुळे येतो. पातीतून काढलेल्या तेलाचा मोठा भाग हेच द्रव्य असतं, आणि ते सहज उडून जाणारं आहे. उघड्या पातेल्यात पात उकळली की घरभर जो सुगंध सुटतो, तो पातेल्यातून निघून गेलेला असतो. गरम दुधाच्या चहात त्याचं काही वाटत नाही, कारण तो आपण लगेच पितो. तास-दोन तास गार होत राहिलेल्या चहात मात्र ती उणीव जाणवते. झाकण लावलेल्या बरणीत, फ्रीजच्या गारव्यात, वास जायला वाट कमी.

आता भिजवलेल्याच्या उणिवा. पाला जास्त लागतो. गरम चहाला लिटरमागे गवती चहाच्या पाच-सहा पाती पुरतात, तर भिजवायला मी दहा-बारा घेतो. नुसत्या गाठी मारून टाकल्या तर काही उतरत नाही. कात्रीने अर्ध्या-अर्ध्या इंचाचे तुकडे करून खलबत्त्यात ओलसर होईपर्यंत ठेचाव्या लागतात. पातीपेक्षा बुडखा जास्त वास देतो, तो फेकू नये. वेळ आठ ते दहा तास. घाईचं काम नाही, आणि रात्री लक्षात राहिलं नाही तर सकाळी काहीच नाही. जेवणानंतर ओटा पुसताना बरणी भरायची सवय लागली की हा प्रश्न मिटतो, पण सवय लागायला वेळ जातो हे खरं.

स्वच्छतेबद्दल मात्र मी आग्रही आहे. इथे उकळी नाही, म्हणून पाला वाहत्या पाण्याखाली दोनदा धुवायचा, पाणी उकळून गार केलेलं किंवा नीट गाळलेलं घ्यायचं, आणि बरणी पहिल्या मिनिटापासून फ्रीजमध्येच ठेवायची. काही जण काचेची बरणी उन्हात ठेवून ‘सूर्यचहा’ करतात. आपल्या उन्हात तर तो सहज होईल असं वाटतं. तो करू नये. उन्हात पाणी 40-50 अंशांपर्यंत तापतं, आणि साधारण 5 ते 60 अंशांच्या मधला पट्टा जंतू वाढायला सोयीचा. ना गार, ना उकळतं, अशा पाण्यात पाला तासन्‌तास ठेवणं धोक्याचं. भिजवलेला चहा गाळल्यावर दिवसभरात संपवावा. दुसऱ्या दिवसासाठी नवा घालावा.

कोणत्या पाल्याला कोणती पद्धत, हे माझ्या जिभेच्या भरवशावर सांगतो. तुमची आवड वेगळी असू शकेल. पुदिना निर्विवाद भिजवण्याचा. भाजीवाल्याकडचा पुदिना बहुतेक गोडसर वासाच्या जातीचा असतो, त्यात मेंथॉल (तोंडाला थंडावा देणारं द्रव्य) फारसं नसतं, म्हणून त्याचा सगळा नाजूकपणा उकळीत संपतो. लिटरला पंधरा-वीस पानं, हातात हलकेच चोळून, आणि दोन-तीन तासांतच बाहेर काढायची. रात्रभर ठेवला तर काळवंडतो. तुळस थोडी घ्यावी, आठ-दहा पानं, तीही गवती चहाच्या जोडीला.

लाल अंबाडीच्या बोंडांना दोन्ही पद्धती मानवतात. आमच्याकडे शहराच्या पूर्व भागात तेलुगू मंडळींमुळे अंबाडीचा पाला भरपूर मिळतो, पण चहासाठी हवी ती फुलाखालची मांसल लाल बोंडं, आणि ती थंडीत येतात. वाळवून ठेवली की उन्हाळ्यात कामी पडतात. इजिप्तमध्ये याच बोंडांचं करकदे आणि मेक्सिकोत ‘आग्वा दे हमायका’ म्हणून गार पेय होतं, तिथे ते घरोघरी पितात. उकळली तर रंग गडद आणि आंबटपणा तीव्र येतो, साखर जास्त लागते. भिजवली तर रंग माणकासारखा निवळ आणि आंबटपणा मऊ. सहा-सात तास आणि लिटरला मूठभर बोंडं पुरे. कुंपणावरची जास्वंद ही वेगळी, तिच्या पाकळ्यांनी रंग येतो पण चव जवळजवळ नाही. गोकर्णाची निळी फुलं पाहुण्यांना दाखवायला छान, लिंबू पिळलं की जांभळी होतात. रंगासाठी ती गरम पाण्यात काही मिनिटं बुडवली तरी चालतं.

ताज्या आल्याबाबत माझं मत अजून पक्कं नाही. किसून गार पाण्यात टाकलं तर त्याची चव लिंबासारखी तरतरीत लागते, उकळलं तर घशात ऊब देणारी. पावसाळ्यात मी उकळतो. उन्हाळ्यात किसलेल्या आल्याचा रस पिळून शेवटी घालतो. लिंबू मात्र दोन्ही पद्धतींत पेल्यातच पिळावं, बरणीत नाही. बरणीत राहिलं की कडवट होतं.

इतकं असूनही तातडीने, गरम पद्धतीनेच करायचं असेल, तर निदान असं करा. अर्धा लिटर पाणी उकळून गॅस बंद करा, मग ठेचलेल्या दहा पाती टाकून घट्ट झाकण ठेवा, आठ मिनिटांनी गाळा. साखर आत्ताच विरघळवा. मग दोन ट्रे बर्फ मोठ्या भांड्यात घेऊन त्यावर सगळा चहा एकदम ओता.  पुदिना चहात न उकळता पेल्यात, बर्फाखाली चोळून घाला. असा केलेला चहा मला मनापासून आवडतो. अडचण फक्त एवढीच की मे महिन्यात आमच्या फ्रीजमध्ये दोन भरलेले ट्रे एका वेळी क्वचितच सापडतात.

पाला दुप्पट लागतो म्हणून भिजवायचं टाळणाऱ्यांसाठी एक गोष्ट. सकाळी गाळून काढलेल्या पातीत अजून बराच जीव असतो, कारण गार पाण्याने वरवरचाच वास घेतलेला असतो. ती तशीच सकाळच्या दुधाच्या चहाच्या आधणात टाका आणि आल्याबरोबर उकळू द्या. एरवी चहात वेगळ्या तीन-चार पाती पडल्याच असत्या, त्या कुंडीतच राहतात.