कायद्यात काम करायचंय, निवडणूक लढवायची नाही: मसुदा, सचिवालय, आमदाराचं कार्यालय की चळवळ?

महाराष्ट्राच्या विधानसभेत २८८ सदस्य आहेत आणि विधान परिषदेत ७८. विधेयकावर मत द्यायचा अधिकार फक्त त्यांचा. पण विधेयक सभागृहात येईपर्यंत, आणि मंजूर होऊन राजपत्रात छापलं जाईपर्यंत, त्यावर कितीतरी अशा लोकांचे हात फिरलेले असतात, ज्यांना तिथे मत नाही, बोलायची परवानगी नाही, आणि ज्यांचं नाव कुठे छापलं जात नाही. एलएलबीच्या शेवटच्या वर्षाला असलेल्या, किंवा राज्यशास्त्रात एम.ए. करून पुढे काय म्हणून थांबलेल्या मुलामुलींना हे क्षेत्र असतं हेच बहुतेक वेळा माहीत नसतं. 'राजकारणात जायचं' आणि 'एमपीएससी करायची' या दोनच वाटा डोळ्यांसमोर असतात.

मला या निवडीत एक प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. कायद्यात तुमचे शब्द यावेत असं वाटतं, की तुमची भूमिका यावी असं वाटतं? दोन्ही एकाच नोकरीत मिळणं फार दुर्मीळ आहे. पगार, बढती, शहर हे सगळं त्यानंतर पाहावं.

मसुदाकार आणि कार्यकर्ता

हा फरक एका कायद्यात स्पष्ट दिसतो. जादूटोणाविरोधी कायदा व्हावा म्हणून डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते वर्षानुवर्षं झटले. गावोगावची प्रकरणं गोळा केली, सरकारं बदलली तरी पाठपुरावा सोडला नाही, आक्षेप आले तेव्हा मसुद्यात बदल मान्य केले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात दाभोलकरांचा खून झाला, त्यानंतर काही दिवसांतच वटहुकूम निघाला आणि डिसेंबरमध्ये विधिमंडळाने कायदा मंजूर केला. ही मागणी, तिची नैतिक ताकद आणि तिची किंमत, सगळं चळवळीचं आहे.

आता तो कायदा उघडून वाचा. 'अंधश्रद्धा' म्हणजे काय याची व्याख्या करण्याच्या फंदात तो पडत नाही. शेवटी एक अनुसूची जोडलेली आहे, त्यात नेमकी कृत्यं एकेक करून लिहिली आहेत, आणि तीच कृत्यं गुन्हा ठरतात. साप, कुत्रा किंवा विंचू चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणं हे त्यातलं एक. श्रद्धा कुठे संपते आणि अंधश्रद्धा कुठे सुरू होते हा वाद न्यायालयात कधीच मिटला नसता. सर्पदंश झालेल्या मुलाला दवाखान्यात जाऊ दिलं की नाही, हे मात्र साक्षीपुराव्याने सिद्ध करता येतं. एवढ्या पेटलेल्या विषयाला असं तपासता येण्याजोगं रूप देणं ही मसुद्याची कला आहे, आणि ती आपल्याकडे फार कमी लोकांना येते.

मंत्रालयात हे काम विधि व न्याय विभागात चालतं. महसूल असो की नगरविकास, प्रस्ताव संबंधित विभागाचा असतो, पण त्याला विधेयकाचं रूप इथे मिळतं. उद्देश व कारणांचं निवेदन, खर्च येणार असेल तर वित्तीय ज्ञापन, नियम करण्याचे अधिकार शासनाकडे सोपवले जात असतील तर त्याचं वेगळं ज्ञापन, व्याख्या, कलमं, कलमाला अपवाद किंवा अट जोडणारी परंतुकं, आणि जुना कायदा रद्द होत असेल तर त्याखाली चालू असलेल्या प्रकरणांचं काय होणार हे सांगणारी व्यावृत्ती. शेवटची गोष्ट वाचणाऱ्याच्या लक्षातही येत नाही, पण ती चुकली तर पुढची दहा वर्षं पक्षकार कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात. शिवाय केंद्राच्या कायद्याशी टक्कर होते का, हे पाहावं लागतं. समवर्ती सूचीतल्या, म्हणजे केंद्र आणि राज्य दोघांनाही कायदा करता येतो अशा, विषयावर केंद्राच्या कायद्याशी विसंगत तरतूद करायची असेल तर राष्ट्रपतींची संमती लागते. महिला आणि बालकांवरच्या अत्याचारांसाठीचं 'शक्ती' विधेयक विधिमंडळाने २०२१ साली मंजूर केलं, पण ती संमती न मिळाल्यामुळे ते कायदा होऊ शकलं नाही.

मराठी माणसासाठी इथे आणखी एक मोठी गोष्ट आहे. १९६४ च्या राजभाषा अधिनियमानंतर राज्याच्या विधेयकांची भाषा मराठी झाली. पण संविधानाच्या अनुच्छेद ३४८ नुसार राज्यपालांच्या प्राधिकाराने प्रसिद्ध झालेला इंग्रजी अनुवाद हा त्या कायद्याचा इंग्रजीतला अधिकृत पाठ मानला जातो, आणि उच्च न्यायालयात युक्तिवाद त्याच पाठावर होतो. म्हणजे मसुदाकाराला दोन्ही भाषांत एकच अर्थ धरून ठेवावा लागतो. दोन्ही भाषा या पातळीवर येणारे वकील मोजकेच आहेत. तुम्ही त्यांतले असाल तर या कामाचा गांभीर्याने विचार करा.

मात्र एक अट आहे. ज्या धोरणाला तुमचा विरोध आहे, त्याचंही विधेयक तुम्हाला तितक्याच काळजीने लिहावं लागेल. घटनाबाह्य ठरेल असं वाटलं तर तुम्ही टिपणीत तसं लिहू शकता, लिहायलाच हवं. त्यानंतर निर्णय मंत्रिमंडळाचा. ज्याला हे जमणार नाही त्याने तिकडे जाऊ नये. चळवळीत याच्या नेमकं उलट असतं. बोलायचं पूर्ण स्वातंत्र्य, शब्दांवर ताबा जवळपास शून्य, आणि घर चालवायचा प्रश्न कायम.

प्रवेशाचं म्हणाल, तर सहायक प्रारूपकाराची, म्हणजे मसुदा लिहिणाऱ्या अधिकाऱ्याची, पदं लोकसेवा आयोगामार्फत भरली जातात. कायद्याची पदवी लागतेच, शिवाय वकिलीचा किंवा न्यायिक कामाचा अनुभव लागतो, म्हणून पदवी मिळाल्याबरोबर हे दार उघडत नाही. विभागातल्या वरच्या काही जागांवर न्यायिक सेवेतले अधिकारी येतात. दिल्लीत हेच काम विधि मंत्रालयाच्या विधायी विभागात भारतीय विधि सेवेतले अधिकारी करतात, आणि तिथली निवड यूपीएससीकडून होते.

सचिवालय: बाजू न घेणाऱ्यांची जागा

अनेकांच्या मनात मंत्रालय आणि विधानभवन एकच असतात. तसं नाही. अनुच्छेद १८७ नुसार राज्याच्या विधिमंडळाचा कर्मचारीवर्ग वेगळा असतो, संसदेसाठी तीच तरतूद अनुच्छेद ९८ मध्ये आहे. हे लोक सरकारच्या हाताखाली नसतात. ते सभागृहाचे असतात, आणि सभागृहात विरोधी पक्षही आला.

तारांकित प्रश्न (मंत्र्यांनी सभागृहात तोंडी उत्तर द्यायचा) स्वीकारायचा की नाकारायचा याची छाननी, लक्षवेधी सूचनांचा क्रम, विधेयकाला आलेल्या दुरुस्त्या नियमात बसतात का, अध्यक्षांनी आधी कोणते निर्णय दिले आहेत, ही इथली रोजची कामं. पण माझ्या मते खरी शाळा म्हणजे समित्या. लोकलेखा, अंदाज, आश्वासन, पंचायती राज. समितीत आमदार कॅमेऱ्यासमोर नसतात, सचिव दर्जाच्या अधिकाऱ्याला कागद मागता येतात, आणि या सगळ्यामागे समितीचा कक्ष टिपणं, प्रश्नावल्या आणि अहवालाचा मसुदा तयार करत असतो.

अलीकडचं उदाहरण विशेष जनसुरक्षा विधेयकाचं. डिसेंबर २०२४ मध्ये ते दोन्ही सभागृहांच्या संयुक्त समितीकडे गेलं. जनतेकडून बारा हजारांहून अधिक सूचना आणि हरकती आल्या. जुलै २०२५ मध्ये ते मंजूर झालं तेव्हा मसुद्यात मोजकेच बदल झालेले होते. हरकत पाठवणाऱ्या संघटनांना हे फार थोडं वाटलं, आणि त्यांचा राग मला समजतो. पण तुम्हाला निवड करायची असेल तर हा प्रसंग तीन खुर्च्यांवरून पाहा. संघटनेतल्या माणसाने त्यातली एक हरकत लिहिली. समिती कक्षातल्या माणसाने हजारो हरकतींची कलमवार वर्गवारी लावून त्या सदस्यांपुढे ठेवायच्या असतात, कोणती वजनदार हे स्वतः न सांगता. आणि समितीने मान्य केलेला बदल कलमात नेमका कसा बसवायचा हे मसुदाकाराने पाहायचं. तिघांपैकी कोणाच्या जागी बसायला तुम्हाला आवडेल?

सचिवालयातली नोकरी स्थिर असते. अधिवेशनाच्या काळात रात्रीचे अकरा वाजले तरी घरी जाता येत नाही, आणि हिवाळी अधिवेशनासाठी सगळं बिऱ्हाड नागपूरला हलतं. एरवी वेळ बेताची. भरती सचिवालय स्वतः जाहिरात काढून करतं, जाहिराती नियमित येत नाहीत, म्हणून लक्ष ठेवून राहावं लागतं. लोकसभा आणि राज्यसभा सचिवालयांची भरतीही यूपीएससीच्या बाहेर, त्यांची त्यांची होते.

इथेच प्रतिवेदक आणि दुभाषे येतात. प्रतिवेदक सभागृहाच्या मधोमध बसून बोललेलं सगळं टिपतात, काही मिनिटांची पाळी संपली की दुसरा येतो आणि पहिला आपला भाग लिहून काढायला जातो. लघुलेखनाची आवड असेल तरच हा रस्ता. दुभाष्याचं काम मला स्वतःला फार मोलाचं वाटतं. २०१८ पासून राज्यसभेत आठव्या अनुसूचीतल्या सर्व २२ भाषांसाठी तत्काळ भाषांतराची सोय आहे. मराठीतून बोलणाऱ्या सदस्याचं म्हणणं बाकीच्यांपर्यंत कसं पोचेल, हे काचेमागच्या त्या माणसावर ठरतं.

लोकप्रतिनिधीचं कार्यालय

सगळ्यात सहज प्रवेश इथे मिळतो आणि सगळ्यात लवकर निराशाही इथेच येते. आमदाराचा पीए म्हणजे प्रत्यक्षात मतदारसंघाचा खिडकी-अधिकारी. बदलीची पत्रं, रुग्णालयात खाट मिळवून देणं, रोहित्र जळालं म्हणून महावितरणला फोन, दहाव्या-तेराव्याला साहेबांची हजेरी. हे काम कमी दर्जाचं मुळीच नाही. कायदा जमिनीवर कुठे अडतो हे त्याच फोनवर कळतं. पण विधेयक वाचायला वेळ मिळेल या अपेक्षेने गेलात तर सहा महिन्यांत कंटाळाल. आधीच स्पष्ट विचारून घ्या: अधिवेशनाचं काम माझ्याकडे असेल का?

काही आमदार-खासदार त्यासाठी वेगळा माणूस ठेवतात. असं काम मिळालं तर शिकण्याचा वेग कुठल्याही नोकरीपेक्षा जास्त असतो. चांगला तारांकित प्रश्न कसा लिहायचा, कपात सूचना (विभागाने मागितलेली रक्कम कमी करा, अशी) कुठे द्यायची, विभागाच्या गुळमुळीत उत्तरातून उपप्रश्न कसा काढायचा, हे तिथे अंगवळणी पडतं. पीआरएस लेजिस्लेटिव्ह रिसर्च ही दिल्लीतली संस्था २०१० पासून 'लॅम्प' फेलोशिप चालवते. पंचवीस वर्षांपर्यंतचे पदवीधर एका खासदाराबरोबर पावसाळी अधिवेशनापासून अर्थसंकल्पीय अधिवेशन संपेपर्यंत काम करतात. कोणत्याही शाखेची पदवी चालते. (राज्याची मुख्यमंत्री फेलोशिप ही वेगळी गोष्ट आहे. ती प्रशासनाच्या, अंमलबजावणीच्या बाजूला नेते.)

या जागेच्या मर्यादाही माहीत असू द्या. १९८५ च्या पक्षांतरबंदीनंतर विधेयकावर मत कसं द्यायचं ते पक्षादेश ठरवतो, तुमची टिपणी कितीही बिनतोड असली तरी. अशासकीय, म्हणजे मंत्री नसलेल्या सदस्याने मांडलेल्या, विधेयकांचं म्हणाल, तर संसदेत असं विधेयक शेवटचं १९७० साली कायदा झालं. तरीही ती लिहिली जावीत असं मी आग्रहाने म्हणेन, कारण एखादा विषय सरकारला उत्तर देण्याइतका पुढे रेटायला त्यांचा उपयोग होतो. फक्त 'माझं विधेयक कायदा होईल' या आशेवर आयुष्य बेतू नका. आणि ही नोकरी त्या माणसाच्या खुर्चीबरोबर जाते. निवडणुकीत साहेब पडले किंवा ताईंचं तिकीट कापलं गेलं, की दुसऱ्या दिवशी तुम्हीही मोकळे.

मग कोणी कुठे जावं

पदवी नुकतीच हातात आली आहे, वय बावीस-तेवीस, घरून लगेच पैशांची घाई नाही, तर मी विनासंकोच लोकप्रतिनिधीचं कार्यालय सुचवेन. एक-दोन वर्षं, त्याहून जास्त नको, आणि पुढे राजकारणच करायचं असेल तर गोष्ट वेगळी. विधेयक, समिती, विभाग, पत्रकार, कार्यकर्ते या सगळ्यांशी एकाच जागेवरून ओळख होते आणि आपला पिंड कुठला हे कळतं.

कायदा शिकला आहात, दोन्ही भाषा पक्क्या आहेत, आणि एका परंतुकावर दुपारभर बसून राहिलं तरी कंटाळा येत नाही, तर चार-पाच वर्षं जिल्हा न्यायालयात मनापासून वकिली करा आणि मग प्रारूपकाराच्या जाहिरातीची वाट पाहा. ती वकिली वाया जात नाही. कलम कोर्टात कसं मोडतं हे पाहिलेला माणूसच ते न मोडणारं लिहू शकतो.

घरची जबाबदारी आहे, स्थिर पगार हवा आहे, स्वभाव शिस्तीचा आहे आणि कुणाचंही नाव न घेता नियम सांगायला आवडतं, तर सचिवालय. तिथे तुमची राजकीय मतं घरीच ठेवावी लागतील, समाजमाध्यमांवरसुद्धा.

आणि एखादा प्रश्न झोपू देत नसेल, सामाजिक बहिष्कार असो, वनहक्क असो की सफाई कामगारांचे मृत्यू, तर या तिन्ही जागा तुम्हाला अपुऱ्या वाटतील. चळवळीतच जा. पण जाताना मसुदा वाचायला शिकून जा. केंद्राच्या २०१४ च्या विधिपूर्व सल्लामसलत धोरणानुसार विधेयकाचा मसुदा किमान तीस दिवस लोकांसाठी खुला ठेवायला हवा. ते नेहमी पाळलं जात नाही, पण जेव्हा खुला होतो तेव्हा 'हा काळा कायदा मागे घ्या' एवढंच लिहिलेल्या पत्रापेक्षा 'कलम अमुकमधील व्याख्या अशी बदलावी' असा पर्यायी मजकूर देणाऱ्या पत्राचं काहीतरी करता येतं.

बिननावाच्या कामाची ज्यांना धास्ती वाटते त्यांच्यासाठी एवढंच सांगते. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेतल्या भाषणात बाबासाहेबांनी मसुद्याचं श्रेय घटनात्मक सल्लागार बी. एन. राव यांना आणि त्याहून मोठा वाटा प्रमुख मसुदाकार एस. एन. मुखर्जी यांना दिला. हे दोघेही संविधान सभेचे सदस्य नव्हते. अर्ज करण्याआधी विधिमंडळाच्या संकेतस्थळावरून कुठलंही एक छोटं सुधारणा विधेयक उतरवून घ्या, मूळ अधिनियम शेजारी ठेवा, आणि दोन्ही जुळवून सुधारित कलम स्वतःच्या हाताने लिहून काढा. दुपार कशी गेली ते कळलं नाही तर मसुद्याकडे वळा. अर्ध्या तासात उठून कुणाशी तरी त्या विषयावर भांडावंसं वाटलं, तर आमदाराचं कार्यालय किंवा चळवळ.