सुट्टीचा महिना: 'शिन चान' की 'नात्सु-मोन'?

जपानी खेड्यातली उन्हाळी सुट्टी हा व्हिडिओ गेम बनवणाऱ्या काझ आयाबे यांचा 2000 सालापासूनचा आवडता विषय असून, त्यांचे दोन अलीकडचे गेम एकाच मुशीतले असले तरी खेळताना अगदी वेगळे वाटतात.

2021 साली जपानमध्ये आलेल्या 'शिन चान'च्या गेममध्ये टीव्हीमुळे आपल्याकडेही घरोघरी ठाऊक असलेला हा खट्याळ मुलगा आईच्या माहेरच्या कुमामोतो प्रांतात येतो. प्रत्येक दृश्य एका ठरावीक कोनातून, रंगवलेल्या चित्रासारखे समोर येते, त्यामुळे भटकण्यापेक्षा थबकून पाहण्याकडेच मन अधिक वळते. मासे पकडावेत, कीटक गोळा करावेत आणि स्थानिक वर्तमानपत्राला बातम्या पुरवाव्यात. कथेत डायनासोरही अवतरतात, पण मला ते थोडे उपरेच वाटले.

2023 चा 'नात्सु-मोन' मात्र 1999 च्या ऑगस्टमध्ये, सर्कस चालवणाऱ्या कुटुंबातल्या सातोरू या मुलासोबत, समुद्राकाठच्या गावात घडतो. येथे चौकट मोडलेली आहे: समोर दिसणाऱ्या जवळजवळ कोणत्याही छपरावर किंवा कड्यावर चढता येते, दमसास संपला की घसरावे लागते आणि तो वाढवणारे स्टिकर शोधण्यातच दिवस सरतो. ही मोकळीक मोहक असली, तरी तिच्या बदल्यात चित्रमयता काहीशी हरवते.

निवांत, हातात चहाचा कप घेऊन खेळायचे असेल तर 'शिन चान'. डोंगर दिसला की चढावासाच वाटत असेल तर 'नात्सु-मोन'. मी स्वतः पहिल्याकडे पुन्हा वळेन.