दुरुस्ती की ‘सुधारित’ माणूस?

कात्री एकच, क्रिस्परची, म्हणजे जनुकं हव्या त्या जागी कापण्याच्या तंत्राची. पण ती कुणावर चालवायची, यावर सगळं ठरतं.

पहिली वाट आजारी माणसाची. सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजारात रुग्णाच्या रक्ताच्या मूळपेशी बाहेर काढतात, बीसीएल११ए या जनुकाचा एक नियंत्रक भाग कापतात आणि पेशी परत शरीरात सोडतात. मग आईच्या पोटात असताना बनणारं, जन्मानंतर या जनुकाने दाबून ठेवलेलं हिमोग्लोबिन पुन्हा तयार होऊ लागतं. त्याआधी जबर केमोथेरपी सोसावी लागते, हे मात्र बातम्यांत कमीच येतं. ब्रिटनने नोव्हेंबर २०२३ मध्ये या उपचाराला मान्यता दिली. काही बिघडलं तर ते त्या रुग्णापुरतं, आणि होकारही त्याचाच. मला ही वाट पटते.

दुसरी वाट भ्रूणाची. इथला बदल पुढच्या पिढ्यांतही उतरू शकतो. चीनमधले शास्त्रज्ञ हे जिआनकुई यांनी एचआयव्ही होऊ नये म्हणून भ्रूणांतलं सीसीआर५ जनुक कापलं; एचआयव्हीला पेशीत शिरायला हेच जनुक वाट देतं, आणि काही लोकांत ते निसर्गतःच निकामी असतं. २०१८ मध्ये जुळ्या मुली जन्मल्याचं जाहीर झालं. पण हवा होता तो नैसर्गिक बदल हुबेहूब झालाच नाही, भलतेच बदल झाले. शिवाय हे जनुक निकामी असलेल्यांना वेस्ट नाईल विषाणूचा धोका जास्त. जिआनकुईंना तीन वर्षांची कैद झाली. मुलींना कोण विचारणार होतं?

आणि ‘निर्दोष’ जनुक तरी कशाला म्हणायचं? सिकलसेलच्याच जनुकाची एक प्रत अंगात असेल, तर गंभीर मलेरियापासून बऱ्यापैकी संरक्षण मिळतं.