मारहाणीची जुनी दुखापत: दोन कोडिंग पद्धती

पणजी-म्हापशाकडे मेडिकल कोडिंग (आजार-दुखापतींना ठरलेले कोड देणं) शिकणारी मुलं मारहाणीच्या जुन्या दुखापतीपाशी हमखास अडकतात. आपल्याकडचे मृत्यूचे दाखले जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या कोडयादीनुसार कोड होतात, तर अमेरिकी क्लायंटची फाइल आयसीडी-१०-सीएम ही तिची अमेरिकी आवृत्ती मागते.

समजा, काठीच्या माराने उजव्या मनगटाजवळचं हाड मोडलं. ते जुळलं, पण दोन वर्षांनीही मनगट वळत नाही. आयसीडी-१० मध्ये आखडलेल्या सांध्याला एम२५.६, जुन्या फ्रॅक्चरच्या परिणामाला टी९२.१ आणि कारणासाठी वाय८७.१. या शेवटच्या कोडमध्ये ‘मारहाणीचा परिणाम’ एवढंच कळतं. काठी होती की सुरा, ते पुसलं जातं. मला हे फार खटकतं.

सीएममध्ये वाय८७ नाहीच. तिथे आधी सध्याचा त्रास, एम२५.६३१. मग मूळ दुखापतीच्या कोडला सातवं अक्षर ‘एस’ (सिक्वेला, म्हणजे मागे उरलेला परिणाम): एस५२.५०१एस. त्यामागे वाय००.एक्सएक्सएक्सएस, म्हणजे बोथट वस्तूने हल्ला. हत्यार टिकतं, उजवी-डावी बाजूही टिकते. मात्र ‘एस’ मनगटाच्या त्रासाच्या कोडला लावायचा नाही. घाईत नेमकं तेच होतं.

मुदतीचाही फरक आहे. आयसीडी-१० मूळ दुखापतीनंतर एक वर्ष किंवा त्याहून उशिरा दिसणारे परिणामही ‘जुन्या दुखापतीचा परिणाम’ यात धरते. सीएमला कालमर्यादाच नाही.

दाखल्यांच्या आकडेवारीला पहिली पद्धत पुरते. पण हिंसा कशाने झाली हे शोधायचं असेल, तर मी दुसरीच निवडेन. अर्थात डॉक्टरांनी केसपेपरवर ‘जुनी मारहाण’ असं स्पष्ट लिहिलेलं हवं. कोडरने अंदाज बांधू नये.